सलामीचा तुकडा आणि समेचा हिशेब

ठाणे, कल्याण, डोंबिवलीच्या माणसाला वेळेविषयी कोणी शिकवायला जाऊ नये. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून निघालेली पहिली आगगाडी ठाण्याला आली, पुढच्या वर्षी रूळ कल्याणपर्यंत पोहोचले आणि तेव्हापासून इथलं आयुष्य मिनिटांवर चालतं. मधल्या काळात तर इथं दोन-दोन वेळा नांदत होत्या. रेल्वे मद्रासच्या वेळेवर धावायची, मुंबई शहर आपल्या स्वतःच्या वेळेवर, आणि दोन्हींत साधारण अर्ध्या तासाचं अंतर. १९०६ मध्ये सगळ्या देशाची एक वेळ ठरली, तरी मुंबईनं आपली वेळ पूर्णपणे सोडायला १९५५ साल उजाडलं. वेळ ही निसर्गाची नसून माणसांनी आपसांत ठरवलेली गोष्ट आहे, हे कळायला या पट्ट्याइतकी चांगली जागा नाही.

याच गावांत संध्याकाळी शाळांच्या रिकाम्या वर्गांत, सोसायट्यांच्या हॉलमध्ये, दुकानांच्या वरच्या मजल्यावर कथकचे क्लास भरतात. ठाण्यात ते जास्त, डोंबिवलीत तर गल्लोगल्ली, कल्याणात थोडे कमी. खालून जाताना घुंगरांचा आवाज येतो आणि आपण पुढे निघून जातो. त्या खोल्यांमध्ये नेमकं काय शिकवलं जातं, असं मला कोणी विचारलं तर मी म्हणेन, तिथं वेळ वाकवायला शिकवतात. हे काव्यात्म बोलणं नाही. त्यामागे रोकडा हिशेब आहे आणि त्या हिशेबाचा इतिहास आपण, म्हणजे मराठी मुसलमानांनी आणि इतरांनीही, नीट वाचलेला नाही.

आधी हिशेब. कथकमध्ये सारंगीवर किंवा हार्मोनियमवर एक छोटी धून सतत वाजत राहते. तिला लेहरा किंवा नगमा म्हणतात. तीनतालाच्या सोळा मात्रांत ती एकदा पूर्ण होते आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू होते. तिनं दमायचं नाही, धावायचं नाही, नटायचंही नाही. सारंगीवाल्याचं ते सर्वांत कंटाळवाणं आणि सर्वांत जबाबदारीचं काम. नर्तकी पायांनी 'ता थेई थेई तत्, आ थेई थेई तत्' हा तत्कार धरते. आधी एका मात्रेत एक बोल, मग दोन, मग तीन, मग चार. इथवर गणित सोपं आहे. पुढे दोन मात्रांच्या जागेत तीन बोल येतात, ती आड. चार मात्रांत पाच, ती कुआड. चार मात्रांत सात, ती बिआड. आता पाय आणि लेहरा मधल्या एकाही मात्रेवर सरळ भेटत नाहीत, तरी पुढच्या ठरलेल्या जागी ते एकत्र पोहोचतात.

बघणाऱ्याचं काय होतं ते सांगतो. लेहरा अचानक संथ झाल्यासारखा वाटतो. तो संथ झालेला नसतो. पाय आडीत गेले की कान गोंधळतो आणि मघाची तीच मात्रा लांब भासते, रबरासारखी. मग पाय पुन्हा बरोबरीत आले की सगळं एकदम हलकं होतं. बाहेरचं घड्याळ एका सेकंदानंही इकडेतिकडे झालेलं नसतं.

आणि तिहाई. पाच मात्रांचा एक तुकडा घ्या, तो तीनदा नाचा, मधे दोनदा एकेक मात्रा थांबा. तीन पंचे पंधरा आणि दोन, सतरा. सोळा मात्रांच्या तालात सतरावी मात्रा म्हणजेच पुढच्या आवर्तनाची पहिली, म्हणजे सम. समेवरून निघून तुम्ही समेवरच येता आणि शेवटचा पाय तिथं पडतो. पहिल्यांदा तुकडा ऐकताना तो कुठं जाणार हे कळत नाही, दुसऱ्यांदा शंका येते, तिसऱ्यांदा सभागृहातली निम्मी माणसं आधीच मान डोलवायला लागलेली असतात. जे अजून घडायचं आहे ते आधीच माहीत होणं, असा हा प्रकार. भविष्य जरा अलीकडे ओढून आणल्यासारखा. गडकरी रंगायतनच्या शेवटच्या रांगेत बसलेल्या, तालातलं ओ की ठो न कळणाऱ्या आजीसुद्धा बरोबर समेवर 'वा' म्हणतात. मी पाहिलं आहे.

हा हिशेब कोणाचा? आज याला दोन तयार उत्तरं मिळतात. पहिलं असं की कथक हे देवळातल्या कथेकऱ्यांचं, मुघल आले, त्यांनी ते दरबारात नेऊन नासवलं, आणि स्वातंत्र्याच्या आसपास आपण ते पुन्हा शुद्ध करून घेतलं. दुसरं उत्तर आपल्याकडच्या काही उत्साही मंडळींचं असतं: हे सगळं मुघलांनी इराणहून आणलं. मला दोन्ही उत्तरं आळशी वाटतात. आणि दोन्हींत दख्खन कुठंच नाही.

तेराव्या शतकात देवगिरीला, यादव राजा सिंघणाच्या पदरी शार्ङ्गदेव नावाचा एक अधिकारी होता. त्याचं घराणं मूळचं काश्मीरचं. पेशानं तो हिशेबनीस, राज्याच्या जमाखर्चावर देखरेख करणारा. या हिशेबनिसानं 'संगीतरत्नाकर' लिहिला. त्याच्या सात अध्यायांपैकी पाचवा तालाचा आणि सातवा नृत्याचा आहे. लय तीन प्रकारची, द्रुताच्या दुप्पट विश्रांतीची मध्य, मध्याच्या दुप्पट विलंबित, ही मांडणी तिथं स्पष्ट आहे. आजही क्लासमधल्या मुली परीक्षेत विलंबित, मध्य, द्रुत असंच लिहितात. म्हणजे ज्या ग्रंथावर हिंदुस्तानी आणि कर्नाटक, दोन्ही संगीतपरंपरा आपला हक्क सांगतात, तो मराठवाड्यात लिहिला गेला. याचं आपल्या पाठ्यपुस्तकांना फारसं कौतुक नाही, ते सोडून देऊ.

देवगिरीचं पुढे दौलताबाद झालं. मुहम्मद तुघलकानं राजधानी हलवली त्या काळात दिल्लीहून जे सूफी इकडे आले, त्यांत निजामुद्दीन औलियांचे शिष्य बुऱ्हाणुद्दीन गरीब होते. त्यांचा मृत्यू १३३७ चा, आणि मजार किल्ल्यापासून घाट चढला की खुल्दाबादला. चिश्ती सिलसिल्यात समा, म्हणजे कव्वालांचं गाणं ऐकत ईश्वराचं स्मरण करणं, हा साधनेचाच भाग. बुऱ्हाणुद्दीन गरीबांना समाची इतकी ओढ होती की त्या मैफलीत वज्दमध्ये येऊन नाचण्याची त्यांची एक वेगळी ढब झाली, आणि तशा नाचणाऱ्या मुरिदांना 'बुऱ्हानी' म्हणू लागले. वज्द म्हणजे भान हरपणं, आणि हरपतं ते मुख्यतः वेळेचं. इथं एक सावधगिरी. तालातली 'सम' आणि सूफींची 'समा' या शब्दांचा एकमेकांशी काही संबंध नाही, एक संस्कृत आहे, दुसरा अरबी. सोशल मीडियावर दोन्ही जोडून लिहिणाऱ्यांपासून दूर राहा. आणि बुऱ्हानी दर्वेशांच्या नाचातून कथक निघालं असंही मी म्हणत नाही. एकाच डोंगराच्या कुशीत शंभर वर्षांच्या अंतरानं एकानं वेळ मोजण्याचं शास्त्र लिहिलं आणि दुसऱ्यानं वेळ विसरण्याची रीत घालून दिली, एवढंच नोंदवतो.

या पीरांच्याच नावानं फारुकी सुलतानांनी तापीकाठी बुऱ्हाणपूर वसवलं. कल्याणहून कसाऱ्याचा घाट चढून, भुसावळ ओलांडून जाणाऱ्या गाड्या आजही तिथं थांबतात. सोळाव्या शतकात खानदेशच्या या फारुकींच्या आश्रयाला पुंडरीक विठ्ठल नावाचा कर्नाटकातला एक पंडित आला. तिथं त्यानं रागांवर ग्रंथ लिहिला. पुढे तो उत्तरेत गेला, आणि अकबराच्या काळात त्यानं 'नर्तननिर्णय' हा नृत्यावरचा ग्रंथ लिहिला. कथकच्या इतिहासासाठी हा ग्रंथ सोन्याच्या तोलाचा आहे. अभ्यासक मंदाक्रांता बोस यांनी त्यातली वर्णनं तपासून दाखवलं आहे की आजच्या कथकच्या सर्वांत जवळ जाणारं शास्त्र हेच. त्यात 'जक्कडी' नावाच्या नाचाचं वर्णन आहे, जो फारसी गाण्यावर नाचला जाई आणि यवनांना आवडे. कर्नाटकातला पंडित, खानदेशचा मुसलमान आश्रयदाता, संस्कृत ग्रंथ, त्यात फारसी गाण्यावरचा नाच. 'नासवणं' नेमकं कुठल्या पानावर सुरू होतं, हे कोणी मला दाखवावं.

लखनौचा भाग बहुतेकांना माहीत असतो, म्हणून थोडक्यात. वाजिद अली शाह १८४७ ते १८५६ या काळात अवधचा नवाब होता. त्यानं स्वतः रहस रचले, राधा-कन्हैयाची गोष्ट रंगमंचावर आणली, आणि इंग्रजांनी गादी काढून कलकत्त्याला धाडल्यावर मटियाबुर्जमध्येही नृत्यावर लिहीत राहिला. बिंदादीन महाराज आणि कालकाप्रसाद या भावांचं घराणं याच लखनौचं. अच्छन, लच्छू, शंभू महाराज आणि नंतर बिरजू महाराज त्यातलेच. या ब्राह्मण नर्तकांमागे सारंगी आणि तबला घेऊन बसणारे बहुतेक मुसलमान होते.

थांबायचं ते इथं. वेळ वाकवण्याचा जो हिशेब मी वर सांगितला, तो पायांइतकाच तबल्यावर घडला आहे. लखनौला मोदू खाँ आणि बख्शू खाँ या भावांनी नाचाच्या संगतीतून तबल्याचा पूरब बाज घडवला. मेरठजवळच्या अजराडा गावात कल्लू खाँ आणि मीरू खाँ यांनी आडीचे कायदे बांधले. दोनांत तीन बसवणारी ती तिरकी चाल म्हणजे अजराड्याची सही. बनारस घराण्याचे मूळ पुरुष पंडित रामसहाय हे मोदू खाँचे शागीर्द. आणि फर्रुखाबाद घराण्याचे हाजी विलायत अली खाँ हे बख्शू खाँचे जावई. लग्नात सासऱ्यानं त्यांना हुंड्यात गती दिल्या असं सांगतात. तबलेवाल्यांत आजही 'जहेजच्या गती' हा शब्द आहे. हाजीसाहेबांविषयी आणखी एक आख्यायिका आहे. ते सात वेळा हजला गेले आणि प्रत्येक वेळी त्यांनी एकच दुआ मागितली, की माझ्या तबल्यात बरकत दे. खरी असो वा नसो, ही गोष्ट उस्तादांनी पिढ्यान्‌पिढ्या शागिर्दांना, हिंदू शागिर्दांनाही, अदबीनं सांगितली. संगीत हलाल की हराम यावर आपल्या मोहल्ल्यात दर दोन वर्षांनी वाद होतो, तेव्हा मला हाजीसाहेब आठवतात. इमाम गजालींनी 'इह्या'मध्ये समा आणि वज्दवर स्वतंत्र भाग लिहिला आहे, अटी घालून का होईना मोकळीक ठेवली आहे, हेही आठवतं. फतव्यांच्या बाजारात गजालींना आज गिऱ्हाईक कमी.

हा तबला मुंबईत आला तो मुनीर खाँ यांच्याबरोबर. त्यांचे शागीर्द अहमदजान थिरकवा बालगंधर्वांच्या नाटक मंडळीत होते. मराठी नाट्यसंगीत ऐकायला आलेला प्रेक्षक तबल्याला टाळ्या वाजवायला शिकला तो थिरकवांमुळे. 'थिरकवा' हे नाव मुळात नाचाचंच, बोटं थिरकतात म्हणून पडलेलं. मुनीर खाँचे भाचे अमीर हुसेन खाँ मुंबईतच राहिले, १९६९ मध्ये गेले. निखिल घोष, पंढरीनाथ नागेशकर, अरविंद मुळगावकर हे त्यांचे शागीर्द. मुळगावकरांनी मराठीत 'तबला' हा ग्रंथ लिहिला आणि उस्तादांच्या तोंडची विद्या आपल्या भाषेत आली. गोव्याकडून लयभास्कर खाप्रुमाम पर्वतकर आले होते. एका हातानं एक ताल, दुसऱ्यानं दुसरा, पायानं तिसरा, आणि सगळे एका समेवर, असं त्यांचं काम होतं. खाप्रुमाम मुसलमान नव्हते, थिरकवा मराठी नव्हते, पण लयीच्या गप्पांत दोघांची नावं एका दमात येतात.

नाच आला वेगळ्या वाटेनं. मॅडम मेनका यांनी खंडाळ्याला नृत्यशाळा काढली आणि लखनौचे गुरू घाटावर आणले. दमयंती जोशी तिथूनच पुढे आल्या. पुण्यात १९४७ मध्ये रोहिणी भाटे यांनी नृत्यभारती सुरू केली. त्या लच्छू महाराज आणि मोहनराव कल्याणपूरकर यांच्याकडे शिकल्या होत्या, आणि मराठीत नृत्यावर विचार करून लिहिणारं त्यांच्यासारखं दुसरं माणूस मला माहीत नाही. मुंबईत सितारादेवी आणि त्यांचे भाचे गोपीकृष्ण. 'झनक झनक पायल बाजे'चे गोपीकृष्ण, सलग नऊ तासांहून जास्त नाचण्याचा विक्रम ज्यांच्या नावावर सांगितला जातो ते. त्यांच्या शिष्या डॉ. मंजिरी देव यांनी ठाण्यात वर्ग चालवले आणि गुरूंच्या नावानं महोत्सव सुरू केला. कल्याणला १९२६ पासून गायन समाज आहे. तिथं भास्करबुवा बखल्यांच्या आठवणीत देवगंधर्व महोत्सव होतो. बुवा फैज महंमद खाँ, नत्थन खाँ, अल्लादिया खाँ यांच्या पायाशी बसून शिकले. पुण्याच्या ब्राह्मण गवयांनी आपल्या उस्तादांची नावं कानाला हात लावूनच घेतली. लपवली कधीच नाहीत.

लपवली गेली ती बायकांची नावं. कोठ्यांवर नाचणाऱ्या, गत-निकास आणि ठुमरीवरचा भाव शतकभर सांभाळणाऱ्या तवायफा, त्यांत मुसलमान बायका मोठ्या संख्येनं. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी नाचबंदीची चळवळ झाली, पुढे सभ्य घरांतल्या मुली नाच शिकू लागल्या, आणि ज्यांच्याकडून तो आला त्या इतिहासातून बाहेर पडल्या. मार्गारेट वॉकर यांनी २०१४ मध्ये कथकच्या इतिहासावरच्या पुस्तकात हे सविस्तर मांडलं आहे: 'कथक' या एका नावाखाली आज जे नृत्य आपण ओळखतो, ते अनेक समाजांच्या कलांची विसाव्या शतकात घातलेली मोट आहे. पुस्तक इंग्रजीत आहे. मराठीत त्यावर चर्चा व्हायला हवी होती, झालेली माझ्या पाहण्यात नाही.

आता सलामी. कथकच्या पारंपरिक मांडणीत नर्तक आधी ठाट धरतो, मग आमद येते, मग सलामीचा तुकडा, ज्याच्या समेवर हात कपाळाशी नेऊन आदाब होतो. आमद हा फारसी शब्द, अर्थ आगमन. सलामीचा अर्थ सांगायची गरज नाही. गेली काही दशकं हा तुकडा 'रंगमंच का टुकडा' किंवा 'रंगमंच प्रणाम' म्हणून ओळखला जाऊ लागला आहे. बोल बहुतेक तेच, तिहाई तीच, समेवर मात्र आदाबाऐवजी नमस्कार. कलेत बदल होतात, व्हावेत. नमस्कारानं नाच वाईट होत नाही, उलट एखाद्या नर्तकीला तोच मनापासून करावासा वाटत असेल तर तिनं तोच करावा. माझी हरकत आहे ती नाव पुसून मागची तारीख टाकण्याला. 'पूर्वीपासून प्रणामच होता, मधे त्यांनी सलाम घुसवला,' असं जेव्हा वर्गात सांगितलं जातं, तेव्हा तो नाचातला बदल राहत नाही, इतिहासातली अफरातफर होते. आणि गंमत अशी की आमद, पेशकार, कायदा, रेला, निकास हे शब्द कोणी बदलत नाही. बदलायला घेतले तर परीक्षेचं पुस्तक निम्मं रिकामं होईल.

सीमेपलीकडे हेच उलट्या दिशेनं झालं. अच्छन महाराजांचे शागीर्द महाराज गुलाम हुसेन लाहोरला शिकवत होते. त्यांच्या शिष्या नाहीद सिद्दीकी यांचा दूरदर्शनवरचा 'पायल' हा कार्यक्रम झिया-उल-हक यांच्या राजवटीत बंद पाडला गेला. तिथं नाच नको कारण तो हिंदूंचा, इथं सलामी नको कारण ती मुसलमानांची.

हे सगळं मी लिहायला घेतलं ते माझ्या भाचीमुळे. ती कल्याणात राहते, चौदा वर्षांची आहे, डोंबिवलीच्या एका क्लासला जाते. तिच्या बॅचमध्ये मुसलमान ती एकटीच. तिला तिथं कोणी वाईट वागवत नाही, बाईंचा तर तिच्यावर जीव आहे. पण वार्षिक कार्यक्रमाच्या पत्रिकेत तिच्या तुकड्यापुढे रंगमंच प्रणाम छापलं होतं आणि जुन्या वहीत तोच तुकडा सलामी म्हणून लिहिलेला होता. मला म्हणाली, "मामू, आमद म्हणजे येणं ना? मग आल्यावर माणूस सलाम करणार नाही का?" मी हसलो. पुढे म्हणाली, "बाईंना विचारलं तर म्हणाल्या, दोन्ही चालतं, पण स्टेजवर प्रणाम बरा दिसतो."

घरी वेगळं चाललं आहे. तिच्या अब्बांचं, आमच्या दुल्हेभाईंचं, म्हणणं असं की लहान होती तोवर ठीक होतं, आता पुरे. माणूस जुलमी नाही. पोरीला सायकल त्यांनीच शिकवली, गणिताच्या क्लासला तेच सोडतात. मशिदीतून परतताना कोणीतरी टोमणा मारला, तो त्यांना लागला आहे. मी त्यांना हाजी विलायत अलींची गोष्ट सांगितली. ते म्हणाले, "भाईजान, हाजीसाहेब पुरुष होते." त्याचं उत्तर माझ्याकडे गजालींतूनही चटकन निघालं नाही. तवायफांचं सांगायला गेलो असतो तर काम बिघडलंच असतं.

भाचीनं मधल्या काळात पाच मात्रांची एक तिहाई स्वतः बांधली आहे. स्वयंपाकघरात अनवाणी पायांनी नाचून दाखवली, लेहरा मोबाईलवर लावून. दुसऱ्या थांब्यावर ती जरा जास्त रेंगाळते आणि मग सम गाठायला धावते. आपा कणीक मळता मळता थांबून बघत होती. प्रवेशिका पूर्णचा फॉर्म या महिन्याच्या अखेरपर्यंत भरायचा आहे. तो फ्रीजवर ठेवलेला आहे, पालकाच्या सहीची जागा अजून कोरी आहे.